पार्टीसाठी बिअर आणि वाइन किती आणायची? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पार्टी ठरवणाऱ्याला दोन धास्त्या असतात. ऐन रंगात आल्यावर बाटल्या संपतील ही एक, आणि नंतर कित्येक आठवडे उरलेली खोकी घरात जागा अडवून बसतील ही दुसरी. थोडा वेळ कागद-पेन घेऊन बसलं तर दोन्ही टळतात. ज्यांनी कधी बिअर-वाइनची खरेदी केलेली नाही, त्यांना डोळ्यांपुढे ठेवून ही उत्तरं लिहिली आहेत.

हिशेब कुठून सुरू करायचा?

पाहुण्यांच्या यादीतून. येणाऱ्या प्रत्येकाचं नाव लिहा आणि पुढे तीन गोष्टी टिपा: घेतात का, काय घेतात आणि साधारण किती घेतात. 'माणशी इतकं' असा सरसकट आकडा लावून मोकळं व्हावंसं वाटतं, पण हिशेब बहुतेकदा तिथेच चुकतो. यादीत मुलं असतात, गरोदर बाई असते, कुणाची औषधं चालू असतात, कुणाला गाडी चालवत परतायचं असतं आणि काही जण मुळातच घेत नाहीत. त्यांना पिणाऱ्यांत धरलं की बाटल्या उरतात आणि त्यांच्यासाठी मात्र काहीच आणलेलं नसतं.

एखाद्याबद्दल माहिती नसेल तर बोलावतानाच विचारावं. 'तुमच्यासाठी काय ठेवू, बिअर, वाइन की दुसरं काही?' असा प्रश्न कुणालाही खटकत नाही.

'पहिल्या तासाला दोन, मग दर तासाला एक' हा नियम बरोबर आहे का?

ढोबळ अंदाजाला चांगला आहे. लोक आल्या आल्या तहानलेले असतात, हातात ग्लास असला की ओळखीपाळखी सोप्या होतात, त्यामुळे सुरुवातीला वेग जास्त असतो आणि पुढे तो मंदावतो. चार तासांच्या पार्टीला या नियमाने माणशी पाच ग्लास येतात.

मी हा आकडा कमाल मर्यादा म्हणून वापरते. पार्टीत मध्येच बसून जेवण असेल, वेगवेगळ्या वयांची माणसं असतील, तर प्रत्यक्षात याहून बरंच कमी लागतं. सगळे एका वयाचे जुने मित्र असतील आणि दुसऱ्या दिवशी सुट्टी असेल, तर नियम खरा ठरतो.

चाळीस माणसं, चार तास, संध्याकाळची पार्टी. नेमकं किती आणू?

हा प्रश्न सर्वांत जास्त विचारला जातो, म्हणून पूर्ण हिशेब मांडते.

समजा, ४० नावांपैकी १२ जण घेत नाहीत. उरले २८. त्यांचे तीन गट करायचे. चवीपुरतं घेणारे ८ जण, त्यांना दोन ग्लास पुरतात: १६ ग्लास. बेताने घेणारे १५ जण, तासाला एक या हिशेबाने चार ग्लास: ६० ग्लास. आणि मनापासून घेणारे ५ जण, पाच ग्लास धरा: २५ ग्लास. एकूण झाले १०१. वर सांगितलेल्या नियमाने २८ जणांचे १४० झाले असते. म्हणजे केवळ नावं नीट लिहिल्यामुळे ३९ ग्लासांची खरेदी वाचली.

यावर दहा टक्के जास्त धरा. कुणीतरी बरोबर पाहुणा आणतं, एखादा ग्लास सांडतो, अर्धा भरलेला ग्लास कुठेतरी ठेवून माणूस नवा घेतो. १११ ग्लास झाले.

आता वाटणी. या मंडळींत बिअर घेणारे जास्त आहेत असं धरून ६० टक्के बिअर आणि ४० टक्के वाइन धरू. बिअरचे ६७ ग्लास, वाइनचे ४४. एक ग्लास बिअर म्हणजे ३३० मिलीलीटर, तेव्हा बिअर लागेल साधारण २२ लिटर. ३३० मिलीच्या बाटल्या असतील तर ६७, म्हणजे २४ बाटल्यांची तीन खोकी घेतली की झालं. ५०० मिलीचे कॅन असतील तर ४५ आणि ६५० मिलीच्या मोठ्या बाटल्या असतील तर ३४. वाइनच्या एका बाटलीत पाच ग्लास, म्हणून ४४ ग्लासांना ९ बाटल्या.

तुमची संख्या वेगळी असेल, पण पायऱ्या याच. नावं, गट, ग्लास, दहा टक्के वाढ, वाटणी आणि सगळ्यात शेवटी बाटल्या.

वाइनच्या बाटलीत पाचच ग्लास कसे? माझ्याकडे तर तीनच होतात.

मग तुमचे ग्लास मोठे आहेत. वाइनची नेहमीची बाटली ७५० मिलीची असते आणि एक माप १५० मिलीचं, म्हणून पाच ग्लास. मोठ्या पोटाच्या ग्लासात १५० मिली ओतले की तो जेमतेम तिसरा हिस्सा भरतो. ओतणाऱ्याला वाटतं, आपण कंजूषपणा करतोय, मग हात सैल सुटतो आणि २५० मिली पडतात. मग बाटलीत तीनच ग्लास निघतात आणि नऊ बाटल्यांच्या जागी पंधरा लागतात.

उपाय सोपा आहे. पार्टीच्या आदल्या दिवशी मापाने १५० मिली पाणी मोजून त्याच ग्लासात ओता आणि ते कुठपर्यंत येतं ते बघून ठेवा. जो कोणी वाढणार असेल त्यालाही दाखवा. माझ्या मते सगळ्या हिशेबात या दोन मिनिटांच्या कामाचा फायदा सर्वांत मोठा आहे.

मोठी मॅग्नम बाटली दीड लिटरची असते, म्हणजे दोन बाटल्या. खोक्यातली ३ लिटरची वाइन म्हणजे चार बाटल्या, २० ग्लास. खोक्यातल्या पिशवीत हवा शिरत नाही, त्यामुळे अर्धी उरली तरी ती उघडलेल्या बाटलीपेक्षा बरीच जास्त टिकते.

बिअर आणि वाइन यांचं प्रमाण काय ठेवावं?

यादीत जे दिसेल ते. यादीतून काहीच कळत नसेल तर निम्मं-निम्मं. उघड्यावरची, दुपारची, उन्हातली पार्टी असेल तर बिअरकडे झुकावं. बसून जेवायची पार्टी असेल तर वाइनकडे.

लाल वाइन जास्त घ्यावी की पांढरी?

उकाड्यात पांढरी जास्त जाते आणि थंडीत लाल. शंका असेल तर नऊ बाटल्यांत पाच पांढऱ्या आणि चार लाल. जातींचा पसारा मांडू नये. एक चांगली पांढरी आणि एक चांगली लाल पुरे. सहा प्रकार ठेवले की सहा बाटल्या एकदम फोडल्या जातात आणि सहाही अर्ध्या उरतात.

बूच असलेल्या बाटल्या घेत असाल तर एखादी जास्तीची ठेवा. क्वचित एखादी बाटली बुचातल्या दोषामुळे बिघडलेली निघते. तिला ओल्या पुठ्ठ्यासारखा, कोंदट वास येतो. ती पिऊन कुणी आजारी पडत नाही, पण पाहुण्याच्या ग्लासात तशी वाइन ओतू नये. फिरकीच्या झाकणाच्या बाटलीत बूचच नसतं, त्यामुळे ही भानगड फारशी उद्भवत नाही. शिवाय कॉर्कस्क्रू शोधत घरभर फिरावं लागत नाही.

सगळ्यांनी एकदम ग्लास उंचावण्यासाठी स्पार्कलिंग (फेसाळणारी) वाइन किती लागेल?

त्या एका क्षणासाठी प्रत्येकाला १०० मिली पुरतात, म्हणजे एका बाटलीत सात ग्लास. २८ जणांना चार बाटल्या. पूर्ण ग्लास भरायचे असतील तर १२५ मिली धरा, बाटलीत सहा. न घेणाऱ्यांच्या हातातही त्याच वेळी काहीतरी फेसाळणारं बिनअल्कोहोलचं द्या, म्हणजे कुणी रिकाम्या हाताने उभं राहणार नाही.

बाटली उघडताना काळजी घ्या. आत बाहेरच्या हवेच्या पाच-सहा पट दाब असतो आणि सुटलेलं बूच डोळ्याला कायमची इजा करू शकतं. बाटली चांगली थंड असू द्या, हलवू नका, तोंड माणसांपासून दूर धरा, तारेची जाळी सैल केल्यापासून बुचावरचा हात काढू नका, आणि बूच घट्ट धरून खालची बाटली हळूहळू फिरवा. आवाज जितका कमी, तितकी कमी वाइन वाया जाते.

केग (नळ लावलेलं बिअरचं मोठं पिंप) आणला तर स्वस्त आणि सोपं पडेल का?

शंभराहून जास्त ग्लास एकाच प्रकारची बिअर जाणार असेल तर विचार करा. ५० लिटरच्या केगमधून ३३० मिलीचे १५० ग्लास निघायला हवेत. फेसात आणि नळीत काही वाया जातं, म्हणून १३५ धरा. आपल्या वरच्या ६७ ग्लासांच्या पार्टीला तो फार मोठा आहे आणि २० लिटरचा छोटा केग थोडा कमी पडतो. अशा वेळी बाटल्याच बऱ्या.

केग घ्यायचाच असेल तर दोन गोष्टी. तो आदल्या दिवशी आणून जागेवर ठेवा आणि ३-४ अंश सेल्सिअसला थंड राहील अशी सोय करा. हिंदकळलेल्या किंवा कोमट केगमधून निम्मा फेसच येतो. आणि हाताने मारायचा पंप असेल तर तो आत हवा भरतो, त्यामुळे दुसऱ्या दिवशीपासून चव उतरते. कार्बन डायऑक्साइडच्या सिलिंडरवर चालणारा केग कित्येक दिवस टिकतो.

कडक बिअर आणली तर कमी लागेल ना?

हा हिशेब धोक्याचा आहे. लोक ग्लास मोजतात, अल्कोहोल मोजत नाहीत. कडक बिअरसुद्धा माणूस साध्या बिअरच्याच वेगाने पितो.

लेबलवर अल्कोहोलचं प्रमाण टक्क्यांत लिहिलेलं असतं. मिलीलीटर गुणिले टक्के गुणिले ०.७८९ करून १०० ने भागलं की अल्कोहोल ग्रॅममध्ये मिळतं. ५ टक्क्यांची ३३० मिली बिअर म्हणजे १३ ग्रॅम. १२ टक्क्यांच्या वाइनचा १५० मिलीचा ग्लास म्हणजे १४ ग्रॅम. म्हणून हे दोन्ही 'एक ग्लास' समजायला हरकत नाही. पण ८ टक्क्यांचा ५०० मिलीचा कॅन म्हणजे जवळजवळ ३२ ग्रॅम. एका कॅनमध्ये अडीच ग्लास पोटात जातात आणि पिणाऱ्याला वाटतं आपण एकच घेतला. घरच्या पार्टीला ४ ते ५ टक्क्यांची बिअर आणावी, हे माझं ठाम मत आहे.

जे घेत नाहीत त्यांच्यासाठी काय आणि किती ठेवायचं?

त्यांनाही तासाला एक ग्लास लागतो, थोडा मोठाच. २५० मिली धरला तर १२ जणांना चार तासांत १२ लिटर. त्यात घेणारेही अधूनमधून हात घालतात, म्हणून १५ लिटर धरा. यात दोन-तीन प्रकार असू द्या आणि त्यातला एक तरी गोड नसलेला. संध्याकाळभर एकच गोड थंड पेय पिऊन माणूस कंटाळतो. बिनअल्कोहोलची बिअर आणणार असाल तर लेबल वाचा. काहींत ०.५ टक्क्यापर्यंत अल्कोहोल असतं आणि काहींत ०.०. गरोदर बाईला किंवा व्यसन सोडलेल्या माणसाला तो फरक महत्त्वाचा असतो.

ही पेयं बिअरच्या शेजारी, तितक्याच चांगल्या ग्लासांत मांडा. कोपऱ्यात लोटलेल्या बाटलीकडे जाऊन स्वतःचं स्वतः ओतून घेणाऱ्या पाहुण्याला आपण वेगळे पडलो असं वाटतं, आणि ते यजमानाच्या लक्षातही येत नाही.

पाणी वेगळं. माणशी एक लिटर धरा आणि ते टेबलावर, हाताशी ठेवा. अल्कोहोलमुळे शरीरातलं पाणी जास्त बाहेर पडतं, खारट खाण्याने तहान वाढते, आणि पाणी दिसलं नाही की लोक ती तहान बिअरने भागवतात.

एवढ्या बाटल्या थंड कशा करायच्या?

खरेदीइतकाच हा प्रश्न मोठा आहे आणि तो बहुतेकांना पार्टीच्या दिवशी दुपारी सुचतो. घरच्या फ्रिजमध्ये सत्तर बाटल्या मावत नाहीत. आधीच भरलेल्या फ्रिजमध्ये कोमट बाटल्या कोंबल्या तर त्या थंड व्हायला रात्र लागते आणि आतलं खाणं कोमट होतं ते वेगळंच.

मोठी टब किंवा घमेली घ्या. तळाशी बर्फ, त्यावर बाटल्या, वर पुन्हा बर्फ, आणि मग पाणी ओता. पाणी ओतायला लोक बिचकतात, बर्फ वितळेल म्हणून. पण नुसत्या बर्फाचा बाटलीला इथे-तिथेच स्पर्श होतो. पाणी तिला सगळीकडून वेढतं आणि बाटली अर्ध्या तासात गार होते. घाई असेल तर मूठ-दोन मुठी मीठ टाका. मिठाचं पाणी शून्य अंशाच्या खाली जाऊनही गोठत नाही. बर्फ घरातल्या पार्टीला माणशी अर्धा किलो आणि उन्हातल्या पार्टीला एक किलो धरा.

सगळ्या बाटल्या एकदम बर्फात घालू नका. निम्म्या घाला, त्या अर्ध्या संपल्या की पुढच्या. याचं कारण उरलेल्या बाटल्यांच्या प्रश्नात येईल.

फ्रीझरमध्ये बाटली ठेवून विसरू नका. गोठताना पाणी सुमारे नऊ टक्के फुगतं आणि काच फुटते. लाल वाइनला बर्फ नको, पण कोमट खोलीतली लाल वाइनही चांगली लागत नाही. १५ ते १८ अंश तिला मानवतात, म्हणून उकाड्यात वाढण्याआधी वीस मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा. पांढरी ८ ते १२ अंशांना, साधी लागर बिअर ४ ते ७ अंशांना.

ग्लास किती लागतात?

माणशी दीड, कारण लोक आपला ग्लास कुठे ठेवला ते विसरतात. धुवायला कुणी नसेल तर माणशी दोन.

पाहुणे आपापलं घेऊन येणार आहेत. मग मी किती आणू?

हिशेबाच्या निम्मं तरी आणा. सगळेच 'दुसरा कुणी आणेल' असं समजून हात हलवत येतात, हेही घडतं. सुरुवातीचा एक तास पूर्णपणे तुमच्या बाटल्यांवर निघेल एवढं थंड करून तयार असू द्या, कारण पाहुण्यांनी आणलेल्या बाटल्या कोमट असतात.

बाटल्या उरल्या तर परत देता येतात का?

काही विक्रेते न उघडलेल्या बाटल्या परत घेतात, काही घेत नाहीत. काही ठिकाणी कायद्यानेच ते चालत नाही. खरेदीआधी विचारा. जे घेतात तेसुद्धा लेबल भिजून सुटलेली बाटली घेत नाहीत. बर्फाच्या पाण्यात तासभर बुडालेल्या बाटलीचं लेबल हातात येतं. म्हणून बर्फात थोड्या थोड्या घालायच्या.

परत जाणार नसतील तर बिअर अंधारात, गार जागी, उभी ठेवा. उजेडाने बिअरमधल्या हॉप्सचे (तिला कडवटपणा देणाऱ्या फुलांचे) घटक बिघडतात आणि तिला उग्र वास येतो. हिरव्या किंवा पांढऱ्या काचेत हे लवकर होतं, तपकिरी काच बराच बचाव करते, कॅनला हा धोका नाही. बाटलीवरच्या तारखेच्या आत ती संपवा. वाइन बुचाची असेल तर आडवी ठेवा, म्हणजे बूच ओलं राहतं. उघडलेली वाइन, लाल असो वा पांढरी, बूच लावून फ्रिजमध्ये तीन ते पाच दिवस चांगली राहते. स्पार्कलिंग दुसऱ्या दिवशीच संपवावी.

आणि मध्येच संपली तर?

तर संपली. अशा वेळी कुणाला तरी गाडी घेऊन आणायला पिटाळू नका, कारण तेव्हा जवळजवळ सगळ्यांनी घेतलेली असते. खाणं, गोड पदार्थ, चहा-कॉफी पुढे करा. खरं तर पार्टी संपायच्या तासभर आधी मी वाढणं आपणहून थांबवते, म्हणून चार तासांच्या पार्टीला चार तासांचा हिशेब केला तरी थोडं उरतंच.

कुणाला जास्त झाली तर यजमानाने काय करावं?

आधीपासून दोन गोष्टी पाळल्या तर ही वेळ कमी येते. खाणं बाटल्यांच्या आधी मांडायचं. अल्कोहोल मुख्यतः लहान आतड्यातून रक्तात जातं आणि भरलेलं पोट त्याला तिथे सावकाश पोचू देतं. दुसरं, आग्रह करायचा नाही. जेवताना आपण प्रेमाने आग्रह करतो, ती सवय ग्लासाला लावू नये. 'नको' म्हणणाऱ्याला कारणही विचारू नये. जागतिक आरोग्य संघटनेने २०२३ मध्ये स्पष्ट सांगितलं आहे की आरोग्याच्या दृष्टीने मद्याचं कोणतंच प्रमाण निर्धोक म्हणता येत नाही. कुणी कमी घेत असेल किंवा घेतच नसेल तर त्यात समजूत घालण्यासारखं काही नाही.

जास्त झालीच तर लक्षात ठेवा, यकृत साधारण तासाला एक ग्लास एवढ्याच वेगाने अल्कोहोल निकामी करतं. काळी कॉफी, थंड पाण्याची अंघोळ, मोकळी हवा यांनी झोप उडते, रक्तातलं अल्कोहोल उतरत नाही. पाच ग्लास घेतलेल्या माणसाने दोन तास थांबून गाडी चालवावी असं होत नाही. त्याची परतीची सोय आमंत्रण देतानाच ठरवा: न घेणारा सोबती, भाड्याची गाडी किंवा तुमच्याकडे अंथरूण. माणूस हलवूनही जागा होत नसेल, श्वास मंद किंवा अनियमित असेल, अंग गार किंवा निळसर पडलं असेल, तर 'झोपला की उतरेल' म्हणून सोडू नका. कुशीवर वळवा, एकटं ठेवू नका आणि लगेच रुग्णवाहिका बोलवा.

पुढच्या वेळी अंदाज आणखी नेमका कसा येईल?

दुसऱ्या दिवशी सकाळी आवराआवर करताना रिकाम्या बाटल्या मोजा आणि त्याच यादीच्या मागे लिहून ठेवा: किती माणसं आली, किती तास थांबली, बिअर किती गेली, लाल किती, पांढरी किती, पाणी पुरलं का, बर्फ किती वाजता संपला. माझ्याकडे असे सात-आठ कागद एका फाइलमध्ये आहेत आणि आता मी वरचा कुठलाही नियम काढण्याआधी ते कागद काढते.